दिगूभाऊंना काय दिसत होतं

शेजारच्या दिगूभाऊंच्या मुलाचा, निखिलचा फोन आला तेव्हा मी दाढी करत होतो. "काका, बाबांना पिकअपने उडवलं," एवढंच तो म्हणाला, आणि मग कुणीतरी त्याच्या हातातून फोन घेतला. तोंडावरचा फेस टॉवेलने कसाबसा पुसून मी निघालो. अपघाताची जागा म्हणजे अन्नपूर्णेच्या देवळामागचा रस्ता, घरापासून हाकेच्या अंतरावर, लख्ख सकाळचं ऊन… हॉस्पिटलात पोचलो तोवर सगळं आटोपलं होतं. तिथल्या बाकावर बसलो आणि खरं सांगतो, आधी दुःख झालंच नाही. आधी पटेचना. ज्या माणसाला बाभळीच्या काट्यांत काटा होऊन बसलेला किडा रस्त्याच्या पलीकडून दिसायचा, त्याला भाजीच्या क्रेट्सनी भरलेली पांढरी पिकअप दिसली नाही? बाकावरचे सगळे त्या ड्रायव्हरला शिव्या घालत होते. मीही घातल्या, आणि मला त्या बऱ्यापैकी येतात.

दिगंबर, म्हणजे आमचे दिगूभाऊ, इथल्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून निवृत्त झाले होते. जन्माने इंदूरच्या छत्रीबागेतले, कुणालाही 'भिया' म्हणणारे अस्सल इंदुरी. मी मिरजेहून पीथमपूरच्या कारखान्यात नोकरीला आलो आणि त्यांच्या शेजारचं घर घेतलं. पहिली ओळख झाली ती भांडणातून. आमच्या कढीपत्त्याच्या पानांवर पक्ष्यांनी शिटून ठेवलं होतं, ते मी ओल्या फडक्याने पुसत होतो. तेवढ्यात कुंपणापलीकडून आरोळी आली, "अरे अरे, काय करून राहिले तुम्ही! जिवंत आहे तो!" मी म्हटलं, हा कोण वेडा. वेडा फाटक उघडून आत आला, माझ्या हातातलं फडकं काढून घेतलं आणि मला पानाजवळ नाक न्यायला लावलं. पांढरे डाग पडलेली ती काळपट घाण हळूच पुढे सरकली. फुलपाखराची अळी होती. "पाखरांची घाण कोण खातं, सांगा? कुणीच नाही. म्हणून हा तिचं सोंग घेऊन बसतो," दिगूभाऊ म्हणाले. "पण मोठा झाला की हे सोंग नाही चालत. एवढी मोठी शीट कुठल्या पाखराची असणार, भिया? मग कात टाकून पानासारखा हिरवा होतो." इतक्या वर्षांत आमच्या घरी कढीपत्त्याची फोडणी पाहणी केल्याशिवाय पडलेली नाही. आमच्या हिने त्यावरून दिगूभाऊंना किती बोल लावले असतील, त्याला गणती नाही.

जिवांचं लपणं हा त्यांचा जन्माचा विषय. पुस्तकात याला छद्मावरण म्हणतात. दिगूभाऊंना तो शब्द आवडायचा नाही. ते म्हणायचे, "आवरण कशाचं? ते मिळून जातं, बस." सालीवर बसलेला पतंग पंख पसरून सालीत मिळून जातो, नाकतोडा गवतात, सरडा फांदीत. बघायचं कसं तेही ते शिकवायचे. डोळे फाडून शोधायचं नाही. एका जागी उभं राहायचं आणि नुसतं बघत राहायचं. रेषा कुठे चुकतेय, सावली कुठे नको तिथे पडलीय, ते आपोआप कळतं म्हणे. मला कधीच कळलं नाही. ते बोट दाखवायचे, मी "हां हां, दिसलं" म्हणायचो, आणि त्यांना माझी थाप लगेच कळायची. ती मात्र ते बोलून दाखवायचे नाहीत.

सुट्टीच्या दिवशी आम्ही त्यांच्या स्कूटरवरून सांवेरच्या बाजूला जायचो. सोयाबीनच्या पेरणीआधी नांगरून टाकलेली काळी शेतं असायची आणि त्यात टिटव्या. टिटवी घरटं बांधत नाही. ढेकळांत जरासा खळगा करते आणि मातकट, काळ्या ठिपक्यांची अंडी उघड्यावर ठेवून देते. दोन पावलांवरून दिसत नाहीत. एका शेतात दिगूभाऊंनी ती शोधून दाखवली. शेतमालक त्यांचे जुने विद्यार्थी, भले गृहस्थ. ट्रॅक्टरखाली अंडी जाऊ नयेत म्हणून त्यांनी आमच्या मागे तिथे काठी रोवली आणि वर लाल फडकं बांधलं. पुढच्या खेपेला गेलो तर काठी जागेवर, फडकं जागेवर, अंडी गायब. आभाळात टिटवी ओरडत घिरट्या घालत होती. माणसाने मुद्दाम काही रोवलंय म्हटल्यावर कावळे बघायला आले असणार. शेतमालकांच्या डोळ्यांत पाणीच यायचं बाकी होतं. दिगूभाऊ त्यांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "तुमची चूक नाही. तुम्ही चांगलंच केलं. पण खूण केली ना, की मग ती सगळ्यांसाठीच होते."

परतताना कच्च्या रस्त्यात मध्येच त्यांनी स्कूटर थांबवली. धुळीत एक रातवा मरून पडला होता, चाकाने पार सपाट केलेला. या पाखराचा रंग वाळक्या पाचोळ्याचा. संध्याकाळी ते असं रस्त्यावर येऊन बसतं आणि काही आलं की उडत नाही, आणखी दबून बसतं. दिगूभाऊंनी ते उचललं, बांधावरच्या झुडपाखाली ठेवलं आणि धोतऱ्याचं एक पान तोडून त्यावर झाकलं. "बघ," ते म्हणाले, "याची सगळी हुशारी खाणाऱ्यासाठी आहे. कोल्हा फसेल, मांजर फसेल. चाकाला काय… त्याला कुठे भूक असते." मग त्यांनी स्कूटरला किक मारली. 

गेल्या काही वर्षांत त्यांच्यात बदल झाले होते. आज ते बदल मी एकापुढे एक मांडू शकतो. तेव्हा प्रत्येकाला आमच्याकडे छान कारण होतं. स्कूटर चालवणं बंद झालं, तर गुडघा दुखतो. सांवेरच्या फेऱ्या थांबल्या, तर ऊन सोसत नाही. शैलावहिनी सावलीसारख्या बरोबर असायच्या, तर म्हातारपणी प्रेम उतू चाललंय. जन्मभर देवाला लांबून नमस्कार करणारा हा माणूस रोज सकाळी वहिनींसोबत देवघरात जायचा आणि आतून दार लावून घ्यायचा. यावरून तर मी त्यांना फार छळलं. "नास्तिकाची घरवापसी झाली!" असं चारचौघांत म्हणायचो. ते हसायचे. "अरे भिया, वरती जायची वेळ आली, ओळख काढून ठेवतो," म्हणायचे.

आणि वहिनींची बडबड! देवासच्या माहेरून त्या मितभाषी म्हणून आल्या होत्या. उतारवयात त्यांना काय झालं कोण जाणे, रस्त्याने जाताना तोंड म्हणून मिटायच्या नाहीत. "अगंबाई, ही पायरी केवढी उंच केलीय यांनी!" "बघा ना, गाय कशी पसरून बसलीय." "हा मोटरसायकलवाला तर भलताच घाईत आहे बाई." आम्ही त्याला धावतं समालोचन म्हणायचो. लग्नाकार्यात पोरं त्यांच्या नकला करायची. वहिनी हसून सोडून द्यायच्या आणि पुन्हा चालू.

कुणाला शंका तरी कशी यावी? दिगूभाऊ पेपर वाचत होते. सुई-दोरा ओवत होते. गेल्या पावसाळ्यानंतर आमच्या गच्चीवर बसले असताना समोरच्या पेरूच्या खोडावर त्यांनी मला एक पतंग दाखवला. त्या दिवशी तो मला खरोखर दिसला, म्हणून तो दिवस लक्षात आहे. त्याच दिवशी त्यांच्या कोपराचा धक्का लागून चहाचा कप खाली पडला, तेही लक्षात आहे. पण चहाचे कप काय, माझ्याही हातून पडतात.

तेरावं उरकलं. पाहुणे पांगले. निखिलने पुण्याच्या नोकरीतली रजा महिनाभर वाढवून घेतली होती आणि तो वकिलाकडे खेपा घालत होता. ड्रायव्हर जामिनावर सुटला होता, त्याची गाडी ठाण्यात उभी होती. तो सांवेरच्या बाजूचा, चाळिशीतला, घरची आणि शेजारपाजारची भाजी मंडीत आणणारा माणूस. गाडी नाही म्हणजे त्याचं कामच बंद. "त्याला सोडणार नाही, काका," निखिल म्हणायचा, आणि मी म्हणायचो, "सोडायचं नाहीच." अशाच एका दुपारी, निखिल बाहेर गेलेला पाहून, वहिनींनी मला हाक मारली. स्वयंपाकघरात नेलं. फ्रिजच्या दारात, लोणच्याच्या बरणीमागे एक छोटी बाटली होती, ती काढून त्यांनी ओट्यावर ठेवली. डोळ्यांत घालायचं औषध.

"काचबिंदू होता त्यांना, भाऊजी," त्या म्हणाल्या. "देवघरात मी हे घालत होते. पूजा नव्हती ती."

मला आधी अर्थच लागेना. वहिनींनी ओट्यावरच्या वर्तमानपत्राच्या कागदाची सुरळी केली आणि माझ्या डोळ्याला लावली. समोरचं कॅलेंडर दिसत होतं, त्यातल्या तारखा स्वच्छ दिसत होत्या. शेजारी उभ्या असलेल्या वहिनी मात्र दिसत नव्हत्या. "हे असं दिसायचं. समोरचं सगळं. बाजूचं काही नाही. डॉक्टर म्हणाले, जी नजर गेली ती परत नाही येत, राहिलेली जपा." पायरी, गाय, मोटरसायकल… त्या समालोचनाचा अर्थ मला तिथे कळला. नवऱ्याला सावध करायचं, पण कुणाला कळू द्यायचं नाही, म्हणून एका मितभाषी बाईने आपलं हसं करून घेतलं होतं.

मी चिडलो. मेलेल्या माणसावर चिडणं बरं नव्हे, पण मी चिडलो. कुणापासून लपवत होते? आम्ही काय त्यांना खाणार होतो? वहिनी म्हणाल्या, "तुम्ही सासऱ्यांना नाही पाहिलं." दिगूभाऊंचे वडील दिगूभाऊंच्या लहानपणीच पूर्ण आंधळे झाले आणि छत्रीबागेतल्या घरात शेवटपर्यंत तसेच होते. दाराशी बाज टाकून त्यांना बसवलेलं असायचं. जाणारे-येणारे त्यांच्या डोक्यावरून त्यांच्याच विषयी बोलायचे, "यांनी जेवून घेतलं का?" असं दुसऱ्याला विचारायचे. गल्लीतली पोरं आवाज न करता समोर उभी राहून वाकुल्या दाखवायची. एकदा एका पोराने त्यांच्या ताटातला लाडू अलगद उचलला, आणि म्हातारा कितीतरी वेळ ताटात हात फिरवत लाडू शोधत राहिला. तो पोरगा म्हणजे दिगूभाऊच. हे त्यांनी लग्नानंतर वहिनींना सांगितलं होतं आणि डॉक्टरांकडून परत आले त्या दिवशी पुन्हा सांगितलं. म्हणाले, "शैला, माझ्यावर कुणी खूण नको करू देऊ."

ते वाक्य ऐकलं आणि माझा राग गेला. त्याच्या जागी जे आलं ते रागाहून वाईट होतं.

मग वहिनींनी त्या सकाळचं सांगितलं. निखिल आणि सूनबाई आदल्याच दिवशी आले होते. सगळे टेबलाशी बसलेले. सूनबाई म्हणाली, पोह्यांवर घालायला कोथिंबीर नाही. दिगूभाऊ उठले, "मी आणून राहिलो, दोन मिनिटं." वहिनींच्या हाताला पीठ लागलेलं. एरवी त्या काहीतरी निमित्त काढून बरोबर निघाल्या असत्या. पण निखिल म्हणाला, "आई, तू बैस ना! बाबांना काय कडेवर घेऊन फिरतेस का?" सगळे हसले. दिगूभाऊही हसले. "मी 'जाऊ नका' म्हटलं असतं तर निखिलने विचारलं असतं, का नको? मग काय सांगणार होते मी? पोरगा तिथेच बसलेला. मी चूप राहिले, भाऊजी. पिशवी मीच दिली हातात." त्या रडत नव्हत्या. ओट्यावरची बाटली इकडची तिकडे करत होत्या. मला त्यांच्याकडे बघवेना.

आता प्रश्न होता त्या ड्रायव्हरचा. वहिनींना ठाण्यात जाऊन सांगायचं होतं की माझ्या नवऱ्याला बाजूचं दिसत नव्हतं. मी म्हणालो, गप्प बसा. गेलेला माणूस परत येणार नाही, निदान त्याची लाज तरी राहू द्या. निखिलला कळलं तेव्हा घरात असा आवाज चढला की माझ्या घरापर्यंत ऐकू आला. "आई, तू बाबांना आंधळं ठरवून राहिलीस! लोक काय म्हणतील, त्यांचीच चूक होती! आणि मला का नाही सांगितलं? मला?" हा शेवटचा प्रश्न खरा होता. वहिनींचा आवाज चढला नाही. "ते होते तोवर मी त्यांना झाकलं. आता ते नाहीत. तो माणूस जेलमध्ये जायला निघाला आणि मी झाकतच बसू? कुणासाठी? माझ्यासाठीच ना मग?" निखिल त्याच दिवशी पुण्याला निघून गेला. अजून तो आईला फोन करत नाही. सूनबाई करते, तोही चोरून.

ठाण्यात मी बरोबर गेलो. वहिनींनी डॉक्टरांचे कागद पुढे ठेवले, जे सांगायचं ते शांतपणे सांगितलं. समोरचा अधिकारी दोनदा म्हणाला, "माताजी, सोच लो." त्या म्हणाल्या, "सोच लिया." याने खटल्याचं काय होईल ते मला ठाऊक नाही, वकीलही नक्की सांगत नाही. बाहेर पडलो तर फाटकाशी तो ड्रायव्हर उभा होता. त्याला कुणीतरी सांगितलं असावं. त्याने वहिनींच्या पायाला हात लावला तेव्हा त्या मागे सरकल्या. मला वाटलं आता या काहीतरी बोलतील, पण त्यांनी एवढंच विचारलं, "गाडी जोर से चला रहे थे क्या?"

"थोड़ी तेज थी, माताजी। झूठ नी बोलूँगा," तो म्हणाला.  "पण बाबूजी किनारे पे खड़े थे। एकदम खड़े, मूरत जैसे। सामने वाले नीम को देख रिये थे। मैं समझा, मुझे निकलने दे रिये हैं। फिर एकदम से नीम की तरफ चल पड़े… इधर देखा ही नी।"

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. कोथिंबीरवाल्याची हातगाडी असते रस्त्याच्या अलीकडे, घराच्याच बाजूला. पलीकडे जायचं दिगूभाऊंना काही कारण नव्हतं.

आम्ही घरी न जाता तिथे गेलो. वहिनी रस्त्याच्या काठावर थांबल्या, दोन्हीकडे बघून घेतलं, आणि मग आम्ही ओलांडून कडुनिंबाशी गेलो. जुनं झाड आहे, खोडाला भेगा पडलेल्या, एका फांदीला पतंगाचा मांजा गुंडाळलेला. वहिनींनी चष्मा पदराने पुसून घातला. त्यांनी एक बाजू धरली, मी दुसरी. जाणारे-येणारे बघत होते, एकाने विचारलंही, "क्या गिर गया, अंकल?"

हे सगळं लिहायला मला वहिनींनीच सांगितलं. दिगूभाऊंच्या नातेवाइकांना ते आवडणार नाही, ही त्यांना कल्पना आहे. त्या म्हणाल्या, "त्यांना ओळखणाऱ्यांनी ते जसे होते तसे बघू दे, भाऊजी. एकदाच."

त्या दिवसानंतर रोज सकाळी आम्ही तिथे जातो.  शोधायचं नाही, नुसतं बघत राहायचं, असं मी स्वतःला बजावतो. तिथे काहीतरी होतं आणि एवढ्या रुंद रस्त्यापलीकडून, कागदाच्या सुरळीएवढ्या उरलेल्या नजरेने, दिगूभाऊंना ते दिसलं होतं, याबद्दल आम्हा दोघांनाही शंका नाही. जवळून बघायला निघाले होते ते. आमच्या चार धडधाकट डोळ्यांना अजून नुसती साल दिसते.